वागणं बदलायच्या आधी कारण शोधा : बिहेवियर मॉडिफिकेशनबद्दल थोडं सविस्तर

अबोली

आमच्या पालकांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर दर आठवड्याला एक तरी मेसेज येतोच, "मुलगा मारतो, चावतो, वस्तू फेकतो, काय शिक्षा करू?" तिथे तुकड्यातुकड्यात उत्तर देण्यापेक्षा बिहेवियर मॉडिफिकेशनबद्दल, म्हणजे वागण्याचं कारण बघून ते पद्धतशीर बदलण्याबद्दल, इथे एकदा नीट लिहावं म्हटलं. मी बरीच वर्षं विशेष शाळेत होते, आता अठरा वर्षांपुढच्या दिव्यांग मुलामुलींच्या कार्यशाळेत आहे, म्हणजे कागदी पिशव्या, राख्या, दिवाळीच्या आधी पणत्या वगैरे.

माझं म्हणणं एवढंच आहे की शिक्षा कुठली हा प्रश्न फार नंतरचा, आणि बहुतेक वेळा तो विचारायची वेळही येत नाही. आधी हे विचारायचं की असं वागल्यावर त्याला काय मिळतं किंवा कशातून सुटका होते. १९८२ साली अमेरिकेत मानसशास्त्रज्ञ ब्रायन इवाटा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी स्वतःला इजा करून घेणाऱ्या मुलांवर काम केलं होतं. एकच मूल त्यांनी वेगवेगळ्या परिस्थितीत बघितलं: कोणी लक्ष देतंय तेव्हा, अवघड काम सांगितलंय तेव्हा, एकटं आहे तेव्हा आणि नुसतं खेळतंय तेव्हा. दिसलं काय, तर डोकं आपटणं बाहेरून सारखंच दिसलं तरी एक मूल ते लक्ष मिळावं म्हणून करतं, दुसरं काम टळावं म्हणून आणि तिसरं त्या धक्क्याने शरीराला काहीतरी बरं वाटतं म्हणून. मग तिघांना एकच उपाय कसा चालेल? काम टाळण्यासाठी आपटणाऱ्याला "जा कोपऱ्यात बस" म्हटलं की त्याला हवं तेच मिळालं ना.

आणि याच्याही आधीची एक गोष्ट. ज्याला बोलता येत नाही त्याचं वागणं अचानक बदललं, म्हणजे महिन्याभरात नव्याने कानावर मारायला लागला, जेवताना ताट ढकलायला लागला, तर पहिल्यांदा कान, दात, बद्धकोष्ठता, मुलींमध्ये पाळी, फिट्स, नवीन सुरू झालेली गोळी हे सगळं डॉक्टरांकडून बघून घ्या. दाढ दुखतेय म्हणून गालावर मारणाऱ्या मुलावर वागणूक सुधारण्याचे प्रयोग करणं म्हणजे छळ आहे, दुसरा शब्द नाही.

एक उदाहरण देते, ओळख पटेल असे तपशील बदललेत. आमच्याकडचा एक विशीतला मुलगा, ऑटिझम आहे, बोलत नाही. पणत्या रंगवताना मनगट चावायचा, अगदी कातडी काळी आणि जाड झाली होती. सगळ्यांचं मत पडलं की त्याला काम नकोय, आळस आहे. आम्ही एका वहीत तीन रकाने आखले, आधी काय घडलं, त्याने नेमकं काय केलं, त्यानंतर आम्ही काय केलं. "चिडला" असं लिहायचं नाही, "उजवं मनगट चावलं, पाच-सहा सेकंद" असं लिहायचं. तिसरा रकाना वाचल्यावर लक्षात आलं की दर वेळी चावल्यावर कोणीतरी त्याला उठवून बेसिनवर हात धुवायला नेत होतं, आणि पहिल्या रकान्यात जवळपास दर वेळी बोटांना ओला रंग लागलेला होता. कोरड्या पणत्या खोक्यात भरताना तो कधीच चावत नव्हता! त्याला काम नको नव्हतं, चिकट बोटं नको होती, आणि चावलं की बेसिन मिळतं एवढं त्याला कळलेलं होतं.

मग त्याच्या डाव्या हाताशी ओलं फडकं ठेवलं आणि टेबलावर नळाचं चित्र असलेलं कार्ड चिकटवलं. चावायला तोंड वळतंय असं दिसलं की त्याचा हात धरून कार्डावर ठेवायचा आणि लगेच, त्या क्षणी, बेसिनवर न्यायचं. सुरुवातीला दिवसभर नुसत्या फेऱ्याच मारल्या, काम शून्य. पण कार्डाला हात लावला की नळ नक्की मिळतो हे त्याला पटल्यावर तो स्वतःहून कार्डावर टिचकी मारायला लागला, आणि नंतर "अजून एक पणती, मग नळ" असं आम्ही हळूहळू लांबवत नेलं. मनगटाची कातडी आता मऊ आहे. चावण्याऐवजी त्याच कामाचं दुसरं, सोपं साधन त्याच्या हातात देणं, हीच ती पद्धत, १९८५ साली कार आणि ड्युरंड या मानसशास्त्रज्ञांनी ती व्यवस्थित मांडली.

तुमचे अनुभव, शंका लिहा. जमेल तसं उत्तर देईन.

सायली_नाशिक

ताई खूप छान लिहिलंय, वहीचं आजच करते. माझा मुलगा नऊ वर्षांचा, मॉडरेट बौद्धिक अक्षमता. जेवताना मोबाईल लागतोच, काढून घेतला की ताट फेकतो. मागच्या थेरपिस्ट म्हणाल्या दुर्लक्ष करा, आपोआप बंद होईल. आम्ही दुर्लक्ष केलं तर आधीपेक्षा जास्त झालं, डोकं भिंतीवर आपटायला लागला, शेवटी सासूबाईंना बघवेना, त्यांनी मोबाईल दिला. आता तर आधी भिंतीकडेच जातो. दुर्लक्ष करणं चूक होतं का?

अबोली

सायली, आधी सासूबाईंना दोष देऊ नका, नातवाचं डोकं आपटतंय आणि आजीने बसून बघायचं हे कोणालाही जमणार नाही, आणि खरं तर बघत बसूही नये.

झालं असं की एखादी गोष्ट इतके दिवस मिळत होती ती बंद झाली की मूल आधी जोर वाढवतं. हे जवळपास ठरलेलंच असतं, आणि ते तुम्हाला आधी सांगायला हवं होतं. तो जोर टिपेला पोचला असताना मोबाईल मिळाला, म्हणजे त्याला कळलं की ताट फेकून भागत नाही, भिंतीपर्यंत जावं लागतं. कधी मिळतं, कधी मिळत नाही अशा गोष्टीची सवय सगळ्यात चिवट असते, रोज मिळणाऱ्या गोष्टीपेक्षाही. म्हणून नुसतं दुर्लक्ष हा उपाय मी कधीच एकटा वापरत नाही, आणि जिथे स्वतःला इजा होतेय तिथे तर घरच्या घरी अजिबात नाही.

त्यापेक्षा मोबाईल बंद न करता त्याची जागा बदला. दोन चित्रं शेजारी शेजारी, डावीकडे ताट, उजवीकडे मोबाईल. पहिल्या दिवशी फक्त एक घास, तोही आवडीच्या पदार्थाचा, आणि लगेच मोबाईल, ताट फेकायला वेळच मिळू नये. मग दोन घास, मग चार. आवडती गोष्ट नावडतीच्या मागे लावायची, मानसशास्त्रज्ञ डेव्हिड प्रिमॅक यांनी १९५९ साली हे शास्त्र म्हणून मांडलं, पण आपल्या आज्या ते आधीपासून करतातच, त्यामुळे सासूबाईंना पटायला वेळ लागणार नाही. आणि मोबाईल काढून घेताना हिसकावू नका, वाळूचं घड्याळ किंवा टायमर दाखवा, संपलं की त्याच्याच हाताने चार्जरला लावायला लावा. संपणार आहे हे आधी दिसलं की निम्मं भांडण कमी होतं.

महत्त्वाचं म्हणजे घरातल्या सगळ्यांनी एकच करायचं. चार जणांत तिघं एक करतात आणि चौथा माणूस सुट्टीत येऊन वेगळं करतो तर मूल त्या चौथ्या माणसाची वाट बघत राहतं.

आणि भिंतीवर आपटणं पुन्हा झालं तर मध्ये हात किंवा उशी घालायची, न बोलता, चेहरा साधा ठेवून. डोकं वाचवायचं पण त्यावर मोठा गोंधळ घालायचा नाही. जास्त असेल तर क्लिनिकल सायकॉलॉजिस्टकडे जाच.

पश्चिमवारा

धागा मुलांबद्दल आहे पण विचारतो. वडील ६८, सात महिन्यांपूर्वी पॅरालिसिसचा झटका आला, उजवी बाजू. चालतात आता काठी घेऊन. उजवा हात थोडा उघडतो, मनगट थोडं वर येतं, पण वापरतच नाहीत, सगळं डाव्या हाताने किंवा आई करते. आई भरवते, आंघोळ घालते, शर्टाची बटणं लावते. फिजिओ म्हणतात हातात जोर आहे, यांनाच इच्छा नाही. बाबा असे कधीच नव्हते, आयुष्यभर शेती केली. यात वागणुकीचा काही भाग आहे का?

कडुलिंब_ओटी

मी ऑक्युपेशनल थेरपिस्ट (ओटी) आहे, म्हणजे आजारानंतर रोजची कामं पुन्हा करायला शिकवणारा, म्हणून यात पडतो. पश्चिमवारा, तुमचा प्रश्न याच धाग्यावरचा आहे, अगदी नेमका. आणि "इच्छा नाही" हे वाक्य कृपा करून घरातून हद्दपार करा.

झटक्यानंतरच्या पहिल्या आठवड्यांत हात खरंच हलत नसतो. माणूस प्रयत्न करतो, पेला पडतो, सांडतं, कोणीतरी धावत येतं, म्हणजे उजवा हात वापरला की दर वेळी वाईटच घडतं. डाव्या हाताने केलं की काम होतं. पुढे मेंदूची सूज उतरते, हातात थोडी ताकद परत येते, पण तोवर हात न वापरणं शिकून झालेलं असतं. याला शिकलेला न-वापर म्हणतात. एडवर्ड टॉब या अमेरिकन मानसशास्त्रज्ञांनी तो आधी माकडांवर दाखवला (त्या प्रयोगशाळेतल्या माकडांच्या हालांवरून १९८१ साली पोलिसांची धाड पडली, खटला झाला, तो इतिहास लपवायचं कारण नाही), आणि मग अलाबामा विद्यापीठात त्यावरून माणसांसाठी उपचार बसवला. चांगल्या हातात जाड हातमोजा घालायचा, जागेपणीचा ९० टक्के वेळ, दोन आठवडे, आणि रोज काही तास अधू हाताकडून छोटी छोटी कामं करून घ्यायची. २००६ साली याची मोठी चाचणी प्रसिद्ध झाली, २२२ रुग्ण, झटक्याला तीन ते नऊ महिने झालेले, आणि नेहमीच्या उपचारापेक्षा हाताचा वापर स्पष्ट वाढला, वर्षभरानंतरही टिकला.

आता लोक फक्त मोजा लक्षात ठेवतात. खरा जीव त्या छोट्या कामांमध्ये आहे. म्हणजे "पेला उचला" असं सांगायचं नाही. आधी टेबलावर ठेवलेल्या रिकाम्या स्टीलच्या पेल्याला बोटं नुसती टेकवायची. टेकली की लगेच सांगायचं, "टेकली, कालच्यापेक्षा लवकर." मग पेला दोन इंच सरकवायचा, मग मुठीत धरायचा, मग उचलायचा, मग तळाला थोडं पाणी. जमेल त्याच्या फक्त एक पायरी वर. पेला पडला तर "अरेरे" म्हणायचं नाही, पायरी खाली आणायची आणि पुढे जायचं. तुमच्या बाबांच्या बाबतीत शेतीच्या ओळखीच्या गोष्टी घ्या, भुईमुगाच्या शेंगा परातीतून टोपलीत टाकणं, लसणाच्या पाकळ्या सुट्या करणं, चंची उघडणं. प्लास्टिकच्या रंगीत खुंट्यांपेक्षा शेंगांना हात आधी जातो हे मी कायम बघतोय.

सावधगिरी: मनगट आणि बोटं थोडी तरी स्वतःहून वर येत असतील तरच हे करायचं, तुमच्या वर्णनावरून शक्य वाटतं पण ओटीने तपासायला हवं. काठी घेऊन चालताना, जिन्यावर, बाथरूममध्ये, गरम चहा घेताना मोजा काढायचा. खांदा दुखत असेल तर आधी खांदा बघायचा. दंडाला धरून ओढून उठवू नका. आणि कुठल्या कामाला मोजा, कुठल्या कामाला नाही हे बाबांशी बोलून कागदावर लिहा, त्यांची सही घ्या, डाव्या हाताने का होईना. मूळ उपचारातही असा लेखी करार असतो.

आईंना सांगा, भरवणं थांबवायचं म्हणजे प्रेम थांबवायचं नाही. सकाळचा नाश्ता घ्या फक्त. त्यात बाबा स्वतः जेवतील, अर्धा तास लागला तरी, आणि आई शेजारी बसून त्यांच्याशी गप्पा मारतील. आजवर आईंचा वेळ त्यांना भरवताना मिळत होता, आता तो स्वतः खाताना मिळेल.

अजून एक, व्यायामाचं. "दुखेपर्यंत करा मग थांबा" असं सांगू नका. सिएटलला विल्बर्ट फोर्डाइस नावाचे मानसशास्त्रज्ञ होते, जुनाट दुखण्याच्या रुग्णांबरोबर काम करायचे. त्यांच्या लक्षात आलं की दुखलं की विश्रांती, दुखलं की गोळी, दुखलं की घरचे जवळ, असं असेल तर दुखण्यालाच बक्षीस मिळत राहतं, माणूस ढोंग करत नसला तरी. म्हणून त्यांनी व्यायाम आकड्यावर लावला. सहज दहा वेळा जमतं तर सातने सुरुवात, सात झाले की थांबायचंच, बरं वाटत असलं तरी. मग दर दोन दिवसांनी एक वाढवायचा. विश्रांती दुखण्यामुळे नाही, ठरलेलं पूर्ण केल्यामुळे मिळाली पाहिजे.

पश्चिमवारा

सर मनापासून आभार. आईला वाचून दाखवलं, ती रडली थोडी. शेंगांचं उद्यापासून सुरू करतो, ओटीची अपॉइंटमेंट घेतो आधी. एक राहिलं, बाबांना शब्द पण पटकन सुचत नाहीत, तिथेही असंच का?

कडुलिंब_ओटी

हो, तत्त्व तेच. ते शब्द शोधत असताना वाक्य पूर्ण करून देऊ नका, मनात दहापर्यंत मोजा, मग पहिलं अक्षर द्या, तरी नाही आलं तर शब्द द्या. पण स्पीच थेरपिस्टना दाखवाच, ते माझं क्षेत्र नाही.

निळी_शाई

मला इथे थोडं कडू लिहायचंय. मी स्वतः ऑटिस्टिक आहे, निदान मोठेपणी झालं, पण लहानपणी एका केंद्रात "वर्तन सुधार" म्हणून माझ्यावर बरंच काही झालंय. हात हलवले की हात मांडीखाली दाबून बसवायचे. डोळ्यात बघितलं की जेम्सची गोळी. मी डोळ्यात बघायला शिकले, पण त्या वेळी समोरचा काय बोलतोय हे मला ऐकूच यायचं नाही, सगळी शक्ती बघण्यातच जायची. कोणीही नाही म्हणायला शिकवलं नाही, मोठ्यांनी सांगितलं की करायचं एवढंच शिकवलं. याचा पुढे आयुष्यात काय त्रास होतो, विशेषतः मुलीला, ते इथे लिहीत नाही, समजून घ्या.

आणि या शास्त्राचा इतिहासही कोणी पूर्ण सांगत नाही. ज्या आयव्हर लोवास या मानसशास्त्रज्ञांच्या १९८७ च्या अभ्यासावर ऑटिस्टिक मुलांची आठवड्याला चाळीस तासांची थेरपी उभी राहिली, त्यांनी १९६० च्या दशकात मुलांना विजेचे धक्के दिले होते. मॅसॅच्युसेट्समधल्या जज रोटेनबर्ग सेंटरमध्ये तर दिव्यांगांच्या अंगावर धक्के देणारं यंत्र बांधलं जायचं, २०२० साली अमेरिकेच्या एफडीएने (औषधं आणि वैद्यकीय उपकरणांवर नियंत्रण ठेवणाऱ्या सरकारी संस्थेने) बंदी घातली, २०२१ मध्ये कोर्टाने ती रद्द केली, मग २०२२ च्या शेवटी कायदाच बदलावा लागला आणि २०२४ मध्ये पुन्हा बंदीचा प्रस्ताव आला. एवढं सगळं, आणि लोकांना वाटतं हे जुन्या काळातलं आहे.

अबोलीताई, तुमचं पणतीचं उदाहरण मला आवडलं कारण तुम्ही त्याला सहन करायला न शिकवता मागायला शिकवलंत. पण सगळे असं करत नाहीत.

अबोली

निळी शाई, तुम्ही लिहिलंत म्हणून धागा पूर्ण झाला असं मला वाटतंय. यातल्या एकाही वाक्याशी माझा वाद नाही.

ही तंत्रं जोरदार आहेत, चालतात, आणि म्हणूनच धोकादायक आहेत. बक्षीस देऊन माणसाला जवळपास काहीही करायला लावता येतं, मग ते त्याच्या भल्याचं असो नसो. त्यामुळे काय बदलायचं हे ठरवतानाच खरा निर्णय होतो, कसं बदलायचं हे त्यामानाने सोपं आहे. हात फडफडवणं, झुलणं, एकाच रांगेत वस्तू लावणं, यातून कोणाला इजा होत नसेल तर हात लावायचा नाही. लग्नकार्यात लोक बघतात, पाहुणे काय म्हणतील, हे कारण पुरेसं नाही. डोळ्यात बघणं मी कोणाच्याही उद्दिष्टात लिहीत नाही. आमच्याकडे नवीन शिक्षक आले की पहिली गोष्ट शिकवायला सांगते ती म्हणजे नकार, बोलून, मान हलवून, कार्डाने, कसाही, आणि मुलाने नकार दिला की तो दर दहापैकी बऱ्याच वेळा मान्य व्हायला हवा, नाहीतर ते शिकवणं खोटं. स्पर्शाच्या बाबतीत तर दर वेळी. आंघोळ घालताना, कपडे बदलतानासुद्धा आधी सांगायचं, थांबायचं, मग हात लावायचा. दिव्यांग मुलामुलींवर अत्याचार होतात आणि आपण त्यांना नुसतं ऐकायला शिकवत बसतो, याचा मला फार राग येतो.

विदर्भातला_मी

मी एका निवासी संस्थेत केअरटेकर आहे, संस्थेचं नाव घेत नाही. रात्री चाळीस मुलांमागं आम्ही दोघं. त्यातले काही मोठे आहेत, अंगानं दणकट, मारतात. आमचे जुने लोकं त्रास देणाऱ्याला जेवण उशिरा देतात, कधी ओढणीनं कॉटला बांधतात. मला बरोबर वाटत नाही पण दुसरं काय करावं कळत नाही. टोकन वगैरे ऐकलंय, म्हणजे चांगलं वागलं की टोकन द्यायचं आणि साठली की त्याबदल्यात आवडीची गोष्ट, ते चालतं का?

अबोली

भाऊ, हे इथे लिहायला धीर लागतो.

आधी स्पष्ट लिहिते. जेवण, पाणी, अंथरूण, संडासला जाणं, घरच्यांची भेट, हे बक्षीस होऊ शकत नाही, ते त्यांचं आहेच. टोकन पद्धत १९६० च्या दशकात अमेरिकेत इलिनॉयमधल्या अ‍ॅना स्टेट हॉस्पिटल या मनोरुग्णालयात आयलॉन आणि अ‍ॅझ्रिन या मानसशास्त्रज्ञांनी बसवली, चांगली चालली, पण ती पसरल्यावर कित्येक ठिकाणी जेवण आणि पलंगसुद्धा टोकनवर आले. १९७२ साली अलाबामातल्या वायट विरुद्ध स्टिकनी या खटल्यात न्यायालयाने रुग्णांचे किमान हक्क ठरवून दिले, त्यानंतर हे थांबवावं लागलं. आपल्याकडे २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्याच्या कलम ६ मध्ये क्रूर आणि अमानुष वागणुकीपासून संरक्षण आहे. २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्यात साखळीने बांधायला कलम ९५ ने बंदी आहे, आणि कलम ९७ सांगतं की शारीरिक बंधन शिक्षा म्हणून कधीच नाही, तातडीचा धोका टाळायला दुसरा मार्गच नसेल तर आणि तेही मानसोपचारतज्ज्ञाच्या परवानगीने, नोंद ठेवून. ओढणी काय, दोर काय, तुमच्याकडे जे चाललंय ते यात बसत नाही. जुन्या लोकांना कायद्याचं सांगा, तुम्ही वाईट आहात असं नका सांगू, तेही थकलेलेच असणार.

आता करायचं काय. चाळीसमागे दोन माणसं म्हणजे मुलांना लक्ष मिळतं कधी? कोणी मारलं की! शांत बसलेल्याकडे कोणी फिरकतच नाही, फिरकायला माणूसच नाही. म्हणून उलट करा. जो सगळ्यात जास्त मारतो त्याच्याकडे त्याने मारायच्या आधी जा. दर दहा-पंधरा मिनिटांनी, काही कारण नसताना, "काय रे, बरंय का" एवढंच, खांद्यावर हात त्याला चालत असेल तर. लक्ष फुकट आणि नियमित मिळायला लागलं की ते मारून मिळवायची गरज कमी होते. याला पैसे लागत नाहीत, जास्तीचा माणूसही लागत नाही, मोबाईलचा गजर लावला की झालं.

दुसरं, मारामाऱ्या कधी होतात ते आठवडाभर टिपा. माझा अंदाज, संध्याकाळी जेवणाच्या रांगेत आणि आंघोळीच्या वेळी. रिकामं बसून वाट बघणं हेच बहुतेक ठिकाणी मूळ असतं. रांग मोडा, दहा-दहाचे गट करा, वाट बघणाऱ्यांच्या हातात काहीतरी द्या, ताटं पुसणं, चटया टाकणं, दणकट मुलांना पाण्याचे कॅन उचलायला खरंच आवडतं. चहाला कोणता कप हवा हे विचारा. ज्याला दिवसभरात एकही गोष्ट स्वतः निवडता येत नाही तो एक दिवस हात उचलणारच.

टोकन नंतर, आणि जास्तीच्या गोष्टींसाठीच. बाजारात फेरी, आवडीचं गाणं, क्रिकेटची मॅच. मिळालेलं टोकन कधीच काढून घ्यायचं नाही.

आणि दोघांत चाळीस ही परिस्थिती लेखी वर कळवा, तारखेसह. ते कागद नंतर लागतात.

रानजाई

माझ्या नवऱ्याला बाईक अपघातात डोक्याला मार लागलाय, दोन महिने झाले. शिव्या देतात, सलाईन ओढतात, मला ओळखतात पण काल सांगितलेलं आज आठवत नाही. चांगलं वागले तर कौतुक, वाईट वागले तर अबोला असं करून बघतेय, काहीच फरक नाही.

कडुलिंब_ओटी

ताई, अबोला आजपासून बंद करा, तुमच्यासाठीसुद्धा. बक्षीस असो की अबोला, तो मागच्या कृतीशी जोडायला आठवण लागते आणि ती यंत्रणाच आत्ता जखमी आहे. कॅलिफोर्नियातल्या रँचो लॉस अमिगोस हॉस्पिटलची एक प्रमाणपट्टी सगळीकडे वापरतात, डोक्याला मार लागलेला माणूस सावरताना कोणत्या टप्प्यावर आहे हे सांगणारी, तिच्यात चौथी पायरीच "गोंधळलेला आणि अस्वस्थ" अशी आहे, मेंदू जागा होत असताना बरेच जण त्यातून जातात. त्या शिव्या तुम्हाला नाहीत.

आत्ता माणूस बदलायचा नाही, खोली बदलायची. टीव्ही बंद, एका वेळी एकच भेटायला येणारा, ट्यूबलाइटऐवजी मंद दिवा, सलाईनची नळी दिसणार नाही असा लांब बाहीचा शर्ट, समोर भिंतीवर मोठ्या अक्षरात तारीख आणि "तुम्ही हॉस्पिटलमध्ये आहात, अपघात झाला होता". वाद घालू नका, "आठवतंय का?" असं परीक्षा घेतल्यासारखं विचारू नका. आठवण कमी असलेल्या माणसाला चुकू देऊन शिकवलं तर चूकच डोक्यात बसते, म्हणून दात घासायला शिकवताना ब्रश हातात देऊन, हाताला धरून, दर वेळी बरोबरच करून घ्यायचं आणि आपला हात हळूहळू हलका करत न्यायचा. हे टप्पे पुढे सरकतात. न्यूरोसर्जनना झोपेबद्दल आणि गोळ्यांबद्दल जरूर विचारा.

सायली_नाशिक

सहा दिवस झाले. एक घास, मोबाईल. आता तीन घासांपर्यंत आलोय. ताट दोनदाच फेकलं, दोन्ही वेळा पाहुणे होते घरी. सासूबाई वहीत रकाने भरतात, त्यांचं अक्षर माझ्यापेक्षा चांगलंय. आता पॅन्ट घालायला शिकवायचंय, कुठून सुरू करू?

अबोली

वाचून इतका आनंद झाला सायली! आणि पाहुणे आल्यावर होतं हेही तुम्हाला वहीमुळेच कळलं. पाहुण्यांच्या दिवशी पुन्हा एका घासावर या, तीनचा आग्रह नको.

पॅन्ट शेवटाकडून शिकवा. इलॅस्टिकची, थोडी सैल घ्या, पुढच्या बाजूला आतून रंगीत दोरा शिवा. तुम्ही पॅन्ट जवळजवळ पूर्ण चढवायची, फक्त कमरेखाली चार बोटं ठेवायची, त्याचे दोन्ही अंगठे इलॅस्टिकमध्ये घालून द्यायचे, वर ओढायचं काम त्याचं. ओढली की पॅन्ट घालून झाली, शाबासकी तिथेच. ते पक्कं झालं की मांडीपासून, मग गुडघ्यापासून, मग घोट्यापासून, आणि सगळ्यात शेवटी पाय घालणं. सुरुवातीपासून शिकवलं तर मूल पहिल्या पायरीत अडकतं आणि पूर्ण झाल्याचा आनंद त्याला कधी मिळतच नाही, असं केलं की दर वेळी शेवट त्याच्या हातात असतो. पाठीमागे उभं राहून मदत करा, समोरून केलं की ते तुमच्या तोंडाकडे बघत बसतात. आणि तोंडी सूचना कमी. हाताची मदत काढून घेणं सोपं असतं, "ओढ ओढ" ऐकल्याशिवाय न ओढायची सवय सुटायला फार वेळ लागतो.

पश्चिमवारा

योग्य माणूस कसा ओळखायचा तेही लिहा ना, आमच्या तालुक्याला "थेरपी सेंटर" अशा पाट्या खूप झाल्यात.

अबोली

विशेष शिक्षक आणि क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट यांची नोंदणी भारतीय पुनर्वास परिषदेकडे, म्हणजे आरसीआयकडे असते, १९९२ च्या कायद्याने. नोंदणी क्रमांक विचारा, वेबसाइटवर तपासता येतो. ओटी आणि फिजिओ यांची महाराष्ट्रात वेगळी कौन्सिल आहे, तो क्रमांक विचारायलाही लाजू नका. सरकारीत मुंबईला हाजी अलीचं अखिल भारतीय भौतिक चिकित्सा व पुनर्वास संस्थान आहे, बौद्धिक अक्षमतेसाठी सिकंदराबादच्या राष्ट्रीय संस्थेचं केंद्र नवी मुंबईत खारघरला आहे.

सेंटरला गेल्यावर तीन प्रश्न विचारा. हा असं का वागतो याचा तुमचा अंदाज काय आणि तो कशावरून? त्याने नकार दिला तर तुम्ही काय करता? आणि आम्हाला खोलीत बसता येईल का? तिसऱ्याला नाही म्हणाले तर फी भरू नका. आमच्याकडे महिन्याभरात बरा होईल अशी गॅरंटी दिली तरी नाही.

जाताना दोन आठवड्यांची तीन रकान्यांची वही घेऊन जा आणि मोबाईलवर एक-दोन छोटे व्हिडिओ, एक त्रासाच्या वेळचा आणि एक तो मजेत असतानाचा. दुसरा विसरू नका, त्याला काय आवडतं हे तिथूनच कळतं.